दावरांचे काम कोण करणार?

१९७९ सालचे स्नेहसंमेलन आपल्यापैकी बहुतेकांना आठवत असेल. आपण नववीत होतो. इतिहासाच्या सरांनी टिळकांवरील १९०८ च्या खटल्याचा प्रवेश बसवला होता. टिळकांचे काम मिळावे म्हणून वर्गात जवळजवळ मारामारी झाली. ज्युरीत नऊ जण लागत होते, त्यामुळे ज्यांना संवाद पाठ होत नसत त्या सगळ्यांची सोय लागली. 'आम्ही दोषी मानत नाही' म्हणणाऱ्या दोन ज्युरींच्या जागांसाठीसुद्धा वशिले लागले. (मला त्यांतली एक मिळाली होती, हे अभिमानाने नमूद करतो.) राहिले न्यायमूर्ती दावर. ते काम कोणालाच नको होते. शेवटी सरांनी दुसऱ्या बाकावरच्या, अक्षर न् अक्षर स्वच्छ बोलणाऱ्या एका मुलाला उभे केले आणि म्हणाले, "तू करणार."

कापसाचा विग आणि सरांची काळी शाल घालून त्याने ते काम इतके चोख केले की शिक्षा सुनावताच प्रेक्षकांतून शिट्ट्या आणि ओरडा झाला. दुसऱ्या दिवशी वाण्याच्या दुकानात त्याला कोणीतरी विचारले, "काय रे, टिळकांना काळ्या पाण्यावर पाठवणारा तूच ना?"

तोच मुलगा पुढे खरोखर न्यायाधीश झाला. त्याचे नाव मी लिहीत नाही; लिहिले तर त्याला आवडणार नाही आणि न लिहिताही तुम्हाला कळले आहे. एलएल.बी. झाल्यावर आम्ही दोघांनी एकाच जिल्हा न्यायालयात वकिली सुरू केली. आठ वर्षांनी तो परीक्षा देऊन दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर, म्हणून निवडला गेला. मी बारमध्येच राहिलो, तो बेंचवर गेला. तेव्हापासून आपल्या मेळाव्यांना तो आला नाही, लग्नकार्यांना आला तर पाचच मिनिटे टेकला, आणि 'फार मोठा झाला, आपल्याला ओळखत नाही' ही तक्रार मी प्रत्येक मेळाव्यात ऐकली. स्मरणिकेसाठी काहीतरी ऐतिहासिक लिही, असे संपादक मंडळाने सांगितले, तेव्हा मला तो प्रवेश आठवला. कारण त्या वेळी आपल्या कोणालाच ठाऊक नव्हती अशी एक गोष्ट मला वकिलीत आल्यावर कळली. ती म्हणजे, ज्या दावरांनी १९०८ मध्ये टिळकांना सहा वर्षांची शिक्षा दिली, तेच दावर ११ वर्षांपूर्वी टिळकांचे वकील होते.

ही गोष्ट नीट सांगायची तर त्या काळी मुंबई उच्च न्यायालयाच्या खुर्चीपर्यंत हिंदी माणूस कसा पोचे, हे आधी पाहावे लागेल. १८६१ च्या कायद्याने उच्च न्यायालये स्थापन करण्याचे ठरले. त्या कायद्यात न्यायाधीशांच्या जागांची वाटणीच करून दिली होती. किमान एक तृतीयांश बॅरिस्टर, किमान एक तृतीयांश सनदी नोकरीतले, म्हणजे त्या वेळी जवळजवळ सगळे इंग्रजच. उरलेल्या जागांवर दहा वर्षे वकिली केलेले किंवा खालच्या न्यायालयात पाच वर्षे न्यायाधीशी केलेले लोक घेता येत. हिंदी माणसाला बहुधा ह्या उरलेल्या दारानेच आत शिरावे लागे. नानाभाई हरिदास हे मुंबई उच्च न्यायालयात बसणारे पहिले हिंदी न्यायाधीश. ते वकिलीतून आले. त्यांच्या मागोमाग १८८९ मध्ये काशिनाथ त्र्यंबक तेलंग आले. तेलंगांनी विलायतेला न जाता इथेच ॲडव्होकेटची परीक्षा दिली, १८७२ पासून वकिली केली, भगवद्गीतेचे इंग्रजी भाषांतर केले, काँग्रेसच्या पायाभरणीत भाग घेतला. न्यायाधीश झाल्यावर राजकारण सुटले. १८९३ मध्ये, अवघ्या ४३ व्या वर्षी ते गेले.

तेलंगांविषयी एक आगळी गोष्ट इथेच सांगून टाकतो, कारण ती मला फार आवडते. १८९१ मध्ये पूर्णपीठापुढे प्रश्न आला: बाप आपल्या भावांबरोबर एकत्र कुटुंबात राहत असेल, तर बापाची इच्छा नसताना मुलाला वाटणी मागता येईल का? बाकीचे न्यायाधीश म्हणाले, नाही. एकट्या तेलंगांनी मिताक्षरेच्या आधारे सांगितले, येईल. मुलाचा हक्क जन्मापासूनचा आहे. ते अल्पमतात राहिले. पण हिंदू कायद्यावरच्या मुल्लांच्या ग्रंथात तो मतभेद नोंदलेला आहे, आणि गावाकडच्या वाटपाच्या दाव्यात मी तो एकदा वाचूनही दाखवला आहे. निकाल माझ्या विरुद्ध गेला, हे ओघाने आलेच.

तेलंगांच्या जागी महादेव गोविंद रानडे आले. त्यांची वाट अगदी वेगळी. ॲडव्होकेटची परीक्षा तेही १८७१ मध्ये पास झाले होते, पण वकिली करण्याऐवजी त्याच वर्षी ते पुण्याला दुय्यम न्यायाधीश म्हणून रुजू झाले आणि पुढची बावीस वर्षे खालच्या न्यायालयांत काढली. पुणे, नाशिक, धुळे, मुंबई, पुन्हा पुणे. वासुदेव बळवंत फडक्यांच्या बंडाच्या काळात सरकारला त्यांचाही संशय आला होता आणि धुळ्याची बदली त्यातूनच झाली, असे म्हणतात. वकील झालेला माणूस निदान अशिलाच्या बाजूने मोठ्याने बोलू शकतो. रानड्यांना तेवढीही मोकळीक नव्हती. तिसरी वाट बॅरिस्टरांची. बद्रुद्दीन तय्यबजी १८६७ मध्ये विलायतेहून बॅरिस्टर होऊन आले, १८८७ मध्ये मद्रासच्या काँग्रेसचे अध्यक्ष झाले आणि १८९५ मध्ये न्यायाधीश. फिरोजशहा मेहता, तेलंग आणि तय्यबजी ही मुंबईच्या सार्वजनिक जीवनातली त्रयी. त्यातले दोघे बेंचवर गेले आणि मेहता शेवटपर्यंत बारमध्ये व राजकारणात राहिले.

आता १८९७ कडे येऊ. २२ जूनला पुण्यात रँडवर गोळी झाडली गेली. 'केसरी'च्या १५ जूनच्या अंकातील मजकुरावरून टिळकांवर राजद्रोहाचा आरोप ठेवण्यात आला आणि २७ जुलैला त्यांना मुंबईत अटक झाली. जामिनाचा अर्ज उच्च न्यायालयात गेला तो न्या. पार्सन्स आणि न्या. रानडे यांच्यापुढे. टिळक आणि रानडे! पुण्याच्या सार्वजनिक जीवनात दोघांचे कसे होते, ते मराठी वाचकाला सांगायला नको. दोनच वर्षांपूर्वी, १८९५ मध्ये, सामाजिक परिषदेला काँग्रेसचा मंडप द्यायचा की नाही यावरून पुणे पेटले होते. अशा माणसाचा जामीन अर्ज समोर आला आणि या दोघांच्या पीठाने तो फेटाळला. रानड्यांच्या मनात काय होते, हे आपण सांगू शकत नाही. मी इतकेच म्हणेन, की जामीन दिला असता तर सरकारने त्यांच्याकडे बोट दाखवले असते, आणि नाकारला म्हणून पुण्याने दाखवले. तिथे बसणाऱ्याला दोन्हींपैकी एक बोट ठरलेलेच असते.

नंतर खटला सत्र न्यायालयाकडे सोपवला गेला आणि ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात जामिनाचा अर्ज पुन्हा दाखल झाला. या वेळी समोर होते न्या. तय्यबजी, आणि टिळकांच्या वतीने उभे होते बॅरिस्टर दिनशा धनजीभाई दावर. दावरांनी युक्तिवाद केला आणि तय्यबजींनी जामीन दिला. आरोपी खटल्याला हजर राहील की नाही, एवढाच जामिनाच्या वेळी पाहण्याचा मुद्दा, ही त्यामागची दृष्टी. आज आम्ही वकील मंडळी तालुक्याच्या कोर्टात रोज हेच सांगत असतो. त्या वेळी, पुण्यात प्लेग आणि रँडचा खून यांनी वातावरण तापलेले असताना, राजद्रोहाच्या आरोपीच्या बाबतीत ते मान्य करायला धैर्य लागत होते. तय्यबजी काँग्रेसचे माजी अध्यक्ष होते. म्हणजे पक्षपाताचा आरोप त्यांच्यावर करायला जागा होती, आणि ती आहे हे ठाऊक असूनही त्यांनी कायद्याप्रमाणे जो वाटला तो आदेश दिला.

मूळ खटला सप्टेंबरमध्ये न्या. स्ट्रेची यांच्यापुढे चालला. बचावासाठी कलकत्त्याहून बॅरिस्टर पग आले होते. स्ट्रेचींनी 'डिसअफेक्शन' या शब्दाचा अर्थ ज्युरीला सांगितला तो 'प्रेमाचा अभाव' असा! सरकारवर प्रेम नसणे हाच राजद्रोह. ज्युरीतल्या सहा युरोपियनांनी दोषी आणि तीन हिंदी लोकांनी निर्दोष असे मत दिले. दीड वर्षाची सक्तमजुरी झाली. टिळकांच्या वतीने प्रिव्ही कौन्सिलमध्ये परवानगी मागायला जे वकील उभे राहिले त्यांचे नाव ॲस्क्विथ. परवानगी मिळाली नाही. गंमत अशी, की १९०८ मध्ये टिळकांना दुसऱ्यांदा शिक्षा झाली तेव्हा हेच ॲस्क्विथ ब्रिटनचे पंतप्रधान होते. एका माणसाचे दोन माजी वकील, आणि दोघेही अकरा वर्षांत मेजाच्या पलीकडच्या बाजूला!

दावर १९०६ मध्ये उच्च न्यायालयाचे न्यायाधीश झाले. ते काही टाकाऊ न्यायाधीश नव्हते. पारशी पंचायतीच्या विश्वस्तनिधीबाबतचा आणि पारशी कोणाला म्हणावे यावरचा १९०८ चा प्रसिद्ध निकाल न्या. बीमन यांच्याबरोबर त्यांनीच दिला, आणि त्याचा उल्लेख आजही होतो. त्याच वर्षी २४ जूनला टिळकांना मुंबईत पुन्हा अटक झाली. मुजफ्फरपूरच्या बॉम्बनंतर 'केसरी'त आलेले 'देशाचे दुर्दैव' (१२ मे) आणि 'हे उपाय टिकाऊ नाहीत' (९ जून) हे दोन लेख आरोपाचे मूळ होते. जामिनाचा अर्ज जुलैच्या सुरुवातीला दावरांपुढे आला. टिळकांच्या बाजूने उभे होते तिशीतले बॅरिस्टर महंमद अली जिना. जामिनासाठी काय काय सांगता येते, हे समोर बसलेल्या न्यायमूर्तींइतके मुंबईत दुसऱ्या कोणाला ठाऊक नसावे; त्यांनी स्वतः तेच मुद्दे मांडून त्याच आरोपीला त्याच कलमाखाली सोडवून आणले होते. तय्यबजींचा तो आदेश समोर होताच. दावरांनी अर्ज फेटाळला, आणि या टप्प्यावर कारणे न देणेच शहाणपणाचे, असे म्हणून कारणेही दिली नाहीत.

मला विचाराल तर या सगळ्या प्रकरणात दावरांची चूक इथे झाली. टिळकांचे एके काळचे वकील म्हणून त्यांनी टिळकांना मदत करायला हवी होती, असे मी अजिबात म्हणत नाही. तसे केले असते तर ते अधिक वाईट. वकिलाने अशिलासाठी मांडलेली बाजू ही त्याची वैयक्तिक श्रद्धा नसते. सकाळी जमीनमालकासाठी आणि दुपारी कुळासाठी मी स्वतः उभा राहिलो आहे. खटला वेगळा होता, लेख वेगळे होते, काळ वेगळा होता, त्यामुळे दावरांनी तो चालवू नये असा काही नियम आड येत नव्हता. पण ज्या माणसाची बाजू आपण एकदा घेतली, त्याला विरुद्ध आदेश देताना कारण सांगणे हे इतर कोणाही न्यायाधीशापेक्षा त्यांना अधिक आवश्यक होते. वकील चुकला तर वरचे कोर्ट दुरुस्त करते आणि अशिलाची फी बुडते. न्यायाधीश गप्प राहिला तर लोक त्या गप्प बसण्याचे स्वतःचे कारण शोधतात, आणि ते शंभर वर्षे पुरते.

खटला १३ जुलैला सुरू झाला. टिळकांनी स्वतःच बचाव केला. त्यांचे भाषण सगळे मिळून २१ तास १० मिनिटे चालले. (आपल्या प्रवेशात ते चार मिनिटांचे होते, आणि तेवढ्यातही टिळक दोनदा अडखळले. मी नाव घेत नाही.) ते स्वतः एलएल.बी. होते, पुण्यात कायद्याचे वर्ग चालवत, पण वकिली त्यांनी केली नाही. ज्युरीत सात युरोपियन आणि दोन पारशी. २२ जुलैच्या रात्री सात विरुद्ध दोन असा निर्णय आला. टिळकांचे शेवटचे म्हणणे विचारले गेले, तेव्हा या न्यायासनाहून वरची शक्ती जगाचा कारभार चालवते अशा अर्थाचे जे ते बोलले, ते आपण सर्वांनी पाठ केले होते. मग दावरांनी लेखांना रोगट आणि विकृत मनाची उपज म्हटले, आपली शिक्षा सौम्यच मानली जाईल असेही बोलून दाखवले आणि सहा वर्षांची काळ्या पाण्याची शिक्षा व एक हजार रुपये दंड सुनावला. दुसऱ्या दिवशी टिळकांचा वाढदिवस होता. त्यानंतर मुंबईच्या गिरण्यांत सहा दिवस कामगारांचा संप झाला, आणि टिळक मंडालेला गेले.

पुढे दावरांना 'सर' हा किताब मिळाला. बारच्या वतीने त्यांना मेजवानी द्यावी, असे परिपत्रक वकिलांत फिरले. त्यावर जिनांनी असा बोचरा शेरा लिहिला की तो दावरांच्या कानांवर गेला. दावरांनी त्यांना चेंबरमध्ये बोलावून विचारले, तेव्हा जिनांनी शेरा आपलाच आहे आणि तो मनापासून लिहिला आहे असे सांगितले. ही हकिगत महंमद करीम छागलांनी 'रोझेस इन डिसेंबर' या आठवणींत नोंदवली आहे. छागला उमेदवारीच्या काळात जिनांच्या चेंबरमध्ये होते. ते १९४१ मध्ये न्यायाधीश झाले आणि स्वातंत्र्यानंतर मुंबईचे मुख्य न्यायमूर्ती. टिळकांच्या जन्मशताब्दीला, १९५६ मध्ये, ज्या मध्यवर्ती कोर्टात खटला चालला त्याच्या दाराशी टिळकांच्या त्या शब्दांचा फलक लावला गेला, त्याचे अनावरण मुख्य न्यायमूर्ती छागलांनीच केले. ज्या न्यायालयाने शिक्षा दिली त्यानेच भिंतीवर आरोपीचे म्हणणे कोरले. मुंबईला गेलात तर जरूर पाहा. कोर्ट चालू असले तरी बाहेर उभे राहून वाचता येते.

आणखी एक प्रसंग आहे, जो आपल्या प्रवेशात नव्हता. १९१६ मध्ये टिळकांच्या होमरूलवरील व्याख्यानांसाठी त्यांच्याकडून वीस हजारांचा जातमुचलका आणि शिवाय जामीनदार मागण्यात आले. ते प्रकरण उच्च न्यायालयात गेले. पुन्हा जिनाच वकील. समोर न्या. बॅचलर आणि न्या. लल्लूभाई शहा. या दोघांनी व्याख्याने संपूर्ण वाचून, एकूण परिणाम काय होतो ते पाहून, खालचा आदेश रद्द केला. एकाच कलमाने आणि एकाच इमारतीत, १९०८ ला एक निकाल आणि १९१६ ला दुसरा. सरांनी हाही प्रवेश बसवला असता तर न्यायाधीशाच्या कामासाठीही रांग लागली असती.

आता आपल्या दावरांकडे येतो. तो न्यायाधीश झाला त्या वर्षी मी त्याला विचारले होते, "तुझा जुना अशील तुझ्यासमोर आला तर?" तो म्हणाला, "येणारच. गाव तेवढाच आहे." आणि आलाही. पहिल्याच नेमणुकीत, शेजारच्या तालुक्यात, त्याने पूर्वी ज्याचे वकीलपत्र घेतले होते त्या माणसाचा एक वेगळाच दावा त्याच्या बोर्डावर लागला. नियमाने तो चालवू शकला असता. त्याने रोजनाम्यात कारण लिहून प्रकरण दुसऱ्या न्यायालयाकडे पाठवण्यासाठी जिल्हा न्यायाधीशांकडे अहवाल पाठवला. कारण लिहून, हे मुद्दाम सांगतो. तो अशील माझ्याकडे येऊन म्हणाला, "साहेब झाले आणि ओळख विसरले." मी त्याला समजावायचा प्रयत्न केला. पटले नाही.

आपल्या मेळाव्यांना तो का येत नव्हता, तेही त्याने मला एकदाच सांगितले. आपल्या बॅचमध्ये दोन बिल्डर आहेत, एक नगरसेवक होऊन गेला, तिघांचे भाऊबंदकीचे दावे चालू होते, आणि मी धरून पाच वकील. "प्रत्येकाबरोबर फोटो निघतो. तो फोटो उद्या कोणाच्या तरी फाइलमध्ये लागतो," तो म्हणाला. "आणि मला कोणाशी बोलू नये असे वाटत नाही, म्हणूनच येत नाही."

वकिलीतून न्यायाधीश होण्याची वाट आजही आहे, फक्त पाट्या बदलल्या. आज राज्यघटनेप्रमाणे सात वर्षे वकिली झाली की थेट जिल्हा न्यायाधीश आणि दहा वर्षे झाली की उच्च न्यायालयाचा न्यायाधीश होण्याची पात्रता येते. मधल्या काळात खालच्या न्यायालयांसाठी वकिलीचा अनुभव लागत नसे. २०२५ च्या मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने तीन वर्षांच्या वकिलीची अट पुन्हा आणली. त्या दिवशी मी त्याला फोन केला. तो म्हणाला, "बरे झाले. कारण न सांगता जामीन फेटाळला गेला तर बाहेर व्हरांड्यात आरोपीच्या आईला काय सांगायचे, हे एकदा तरी स्वतः सांगून पाहिलेले असावे."

गेल्या वर्षी तो निवृत्त झाला. यंदाच्या मेळाव्याला येतो म्हणाला आहे, पूर्ण दिवस, जेवणासकट. प्रवेश पुन्हा बसवायचा घाट काही उत्साही मंडळींनी घातला आहे आणि टिळकांच्या कामासाठी आतापासून चार नावे आली आहेत. त्याला मी विचारले, तुला काय करायचे आहे? तो म्हणाला, "ज्युरीतली ती दुसरी जागा रिकामी आहे का बघ." मी बघतो म्हटले आहे. तेवढे सोडून एकच विनंती: मेळाव्याला येताना कोणी आपल्या दाव्याचे कागद घेऊन येऊ नका.